गृहकर्ज आणि दामदुप्पट



घर या शब्दाभोवती मराठी मनाने जेवढी माया गुंफली आहे, तेवढी क्वचितच दुसऱ्या कोणत्या वस्तूभोवती गुंफली असेल. वास्तुशांतीच्या दिवशी यजमानाच्या चेहऱ्यावर जे समाधान दिसते, ते पाहून येणाऱ्या-जाणाऱ्याचेही डोळे निवतात. आई देवघराची जागा ठरवते, मुले आपापल्या खोल्या वाटून घेतात, सासरचे आणि माहेरचे एका पंगतीला बसतात. त्या मंगल दिवशी घराचा मूळ करारनामा कोठे आहे, हा प्रश्न कोणी विचारत नाही. विचारूही नये. पण तो बँकेच्या तिजोरीत असतो, आणि पुढील पंधरा, वीस किंवा तीस वर्षे तेथेच राहणार असतो. या काळात त्या घरासाठी नेमके किती पैसे मोजले जाणार आहेत, याचा आकडा यजमानाला बहुधा ठाऊक नसतो. त्याला ठाऊक असतो तो फक्त मासिक हप्ता.

ऋण ही गोष्ट आपल्या पूर्वजांनी हलकी मानली नव्हती. धर्मशास्त्रकारांनी व्यवहाराची, म्हणजे वादविषयांची, जी अठरा पदे सांगितली, त्यांतील पहिले पद ऋणादान हे आहे. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात असा नियम आहे की, एका वेळी वसूल होणाऱ्या व्याजामुळे रक्कम मुद्दलाच्या दुपटीपलीकडे जाऊ नये. हाच आपल्याकडचा दामदुप्पट. इंग्रजी अमदानीत मुंबई इलाख्यातील न्यायालयांनीही हिंदू ऋणकोच्या बाबतीत हा नियम मान्य केला होता. मात्र त्याचा अर्थ नीट समजून घेतला पाहिजे. ही मर्यादा एका वेळी थकलेल्या व्याजाला आहे. वर्षानुवर्षे इमानाने भरत आलेल्या व्याजाच्या बेरजेला ती लागू नाही. तेव्हा आजचे गृहकर्ज दामदुप्पटीच्या नियमात अडकते, असा गैरसमज कोणी करून घेऊ नये. पण मोजपट्टी म्हणून ही कल्पना आजही उत्तम आहे. घेतले त्याच्या दुप्पट फेडले, एवढे कोणालाही समजते. वार्षिक टक्केवारी मात्र सर्वांनाच समजते असे नाही.

या मोजपट्टीने एक साधे उदाहरण मोजून पाहावे. पुण्याच्या उपनगरात साडेबासष्ट लाखांची सदनिका घेणारे एक कुटुंब आहे, असे समजू. नवरा पस्तिशीतला, बायकोही नोकरी करणारी, घरात एक मूल आणि गावाकडून येऊन-जाऊन असणारे आईवडील. रिझर्व्ह बँकेच्या नियमाप्रमाणे तीस ते पंचाहत्तर लाखांच्या कर्जाला घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच रक्कम मिळू शकते. म्हणजे कर्ज ५० लाखांचे. गेल्या पंधरा-वीस वर्षांत गृहकर्जाचे दर साधारण साडेसहा ते अकरा टक्क्यांच्या दरम्यान फिरत राहिले, तेव्हा साडेआठ टक्के हा मधला दर धरणे अन्यायाचे होणार नाही. मुदत वीस वर्षे. हप्ता येतो ४३,३९१ रुपये.

२४० हप्त्यांची बेरीज होते सुमारे १ कोटी ४ लाख १४ हजार. त्यांपैकी व्याज ५४ लाख १४ हजार. मुद्दल ५० लाख, व्याज त्याहून चार लाखांनी जास्त. आठ टक्के दराने वीस वर्षांचे कर्ज घेतले, तर व्याज जवळजवळ बरोबर मुद्दलाएवढे होते. दर किंवा मुदत त्यापुढे सरकली की दामदुप्पट ओलांडलीच.

पण बेरजेपेक्षा महत्त्वाचा आहे तो तिचा क्रम. येथे बहुतेकांचा हिशेब चुकतो. पहिल्या महिन्यात ४३,३९१ रुपये खात्यातून जातात, त्यांतील ३५,४१७ रुपये व्याजाचे असतात. मुद्दलातून वजा होतात ते ७,९७४. यात बँकेची कोणतीही लबाडी नाही. ५० लाखांवर एका महिन्याचे साडेआठ टक्क्यांप्रमाणे तेवढेच व्याज होते. व्याज आधी आणि मुद्दल नंतर, हा सावकारीचा जुनाच शिरस्ता आहे. परिणाम मात्र विलक्षण होतो. पाच वर्षांत त्या कुटुंबाने २६ लाख रुपये भरलेले असतात आणि कर्ज उतरलेले असते जेमतेम ५ लाख ९४ हजारांनी. दहा वर्षांनी, अर्धी मुदत संपल्यावर, घरात सर्वांना वाटते की निम्मे कर्ज फिटले. प्रत्यक्षात ५२ लाख भरूनही ३५ लाख बाकी असतात. हप्त्यातील मुद्दलाचा वाटा व्याजाच्या वाट्यावर मात करतो तो बाराव्या वर्षाच्या शेवटी, आणि निम्मे कर्ज फिटायला चौदावे वर्ष सरत येते. पस्तिशीतला गृहस्थ तोवर एकोणपन्नास वर्षांचा झालेला असतो आणि मुलगी महाविद्यालयाच्या दारात उभी असते.

ज्याला नोकरीनिमित्त सात-आठ वर्षांत घर विकून दुसरीकडे जावे लागते, त्याला हा क्रम फार महागात पडतो. त्याने आयुष्यातील सर्वांत जास्त व्याजाची वर्षे सोसलेली असतात आणि मुद्दल फारसे हललेले नसते.

मुदत वाढवून हप्ता हलका करण्याची सूचना हल्ली सर्रास केली जाते. तीच ५० लाखांची रक्कम तीस वर्षांनी फेडायची ठरवली, तर हप्ता ३८,४४६ रुपयांवर येतो. महिन्याला पाच हजारांची सवलत मिळाली, असे वाटते. पण एकूण व्याज ५४ लाखांवरून ८८ लाखांवर जाते. पाच हजारांच्या सोयीची किंमत ३४ लाख! उलट, पंधरा वर्षांत फेडायचे ठरवले तर हप्ता ४९,२३७ होतो आणि व्याज ३८ लाख ६३ हजारांवर थांबते. महिन्याला पाच हजार आठशे जास्त, पण साडेपंधरा लाख कमी. कर्ज देणारा अधिकारी हे दोन्ही आकडे सांगू शकतो. ग्राहक त्याला विचारतो तो एकच प्रश्न असतो: "कमीत कमी हप्ता किती बसेल?"

१८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातील सुप्याच्या शेतकऱ्यांनी सावकारांच्या वह्या आणि खते जाळली. अंगठा उठवणाऱ्या कुळाला खतात काय लिहिले आहे ते वाचता येत नव्हते, पण आपले आयुष्य त्या कागदात बांधले गेले आहे एवढे त्याला पक्के कळत होते. त्या उठावानंतर १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा झाला. आजची बँक म्हणजे तो सावकार नव्हे; तिच्यावर रिझर्व्ह बँकेची देखरेख आहे, व्याज घटत्या शिलकीवर आकारले जाते, आणि पगारदार माणसाला तिच्याइतक्या कमी दराने एवढी मोठी रक्कम दुसरे कोणी देणार नाही. पण आजचा कर्जदार पदवीधर आहे, अनेकदा अभियंता आहे, आणि तोसुद्धा पन्नास पानांच्या करारावर फुल्या मारलेल्या जागी सह्या करत जातो. हे दृश्य पाहिले म्हणजे सुप्याचे कूळ अधिक सावध होते, असे म्हणावेसे वाटते.

त्या करारात सर्वांत मोलाचा शब्द असतो ‘बदलता दर’. त्याची प्रचिती देशभरातील कर्जदारांना मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या अवघ्या नऊ-दहा महिन्यांत आली. या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर नेला. समजा, कोणी सात टक्क्यांनी ५० लाखांचे वीस वर्षांचे कर्ज घेतले होते. त्याचा हप्ता ३८,७६५ रुपये. वर्षभरानंतर बाकी राहिली ४८ लाख ८१ हजार आणि दर झाला साडेनऊ. आता नुसते महिन्याचे व्याजच ३८,६४० रुपये होते. मुद्दलात जमा व्हायला उरतात सव्वाशे रुपये! हप्ता तोच ठेवायचा म्हटले तर हे कर्ज फिटायला कागदावर आणखी साठ वर्षे लागतील. घेणाऱ्याच्या नातवाला शेवटचा हप्ता भरावा लागेल. अर्थात इतकी मुदत कोणतीही बँक देत नाही. ती कर्जदाराच्या वयाकडे पाहते आणि मग हप्ता वाढवते. पण त्याआधी अनेक ठिकाणी मुदत गुपचूप वाढत गेली. हप्ता बदलला नाही म्हणून घरच्यांना काही जाणवलेही नाही.

या अनुभवानंतर रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी स्पष्ट निर्देश दिले. दर बदलला तर त्याचा हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होतो ते कर्जदाराला कळवले पाहिजे. हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडेथोडे, हे ठरवण्याची मुभा त्याला दिली पाहिजे. आणि हप्त्यातून व्याजसुद्धा वसूल होणार नाही अशी अवस्था येता कामा नये. दर तीन महिन्यांनी भरलेले मुद्दल, भरलेले व्याज, उरलेले हप्ते यांचे विवरण मिळण्याचा हक्कही त्यात आहे. हे विवरण किती घरांत वाचले जाते? दूरध्वनीचे बिल आपण ओळ न् ओळ तपासतो. एका आयुष्याच्या कमाईचे विवरण मात्र न उघडता पडून राहते.

२०२५ च्या फेब्रुवारी ते जून या काळात रेपो दर साडेसहावरून साडेपाचवर आला, तेव्हा उलट्या बाजूची हीच कहाणी घडली. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी दिलेली बदलत्या दराची नवी गृहकर्जे बाह्य मानदंडाशी, बहुधा रेपो दराशी, जोडलेली आहेत. त्यांचा दर तीन महिन्यांच्या आत बदलतो. पण त्याआधीच्या जुन्या पद्धतीवर ज्यांची कर्जे राहिली आहेत त्यांच्यापर्यंत घट उशिरा आणि तुटपुंजी पोहोचते, आणि गृहवित्त कंपन्यांना तर हे बाह्य मानदंडाचे बंधनच नाही. वाढ लगोलग येते आणि घट रेंगाळत येते, हा कर्जदारांचा जुना अनुभव आहे. बँकेत एक अर्ज देऊन जुने कर्ज नव्या पद्धतीवर नेता येते. त्यासाठी थोडे शुल्क पडते. ते वाचवण्यासाठी कित्येक जण वर्षानुवर्षे अर्धा-पाऊण टक्का जास्त भरत राहतात.

घराच्या खऱ्या किमतीत व्याजाखेरीजही बरेच काही येते. वरच्या उदाहरणातील सदनिका बांधकाम चालू असलेल्या इमारतीत असेल तर पाच टक्के वस्तू व सेवा कर, म्हणजे तीन लाख साडेबारा हजार. पुण्यात मुद्रांक शुल्क अधिभारांसह सात टक्के, म्हणजे चार लाख साडेसदतीस हजार. नोंदणीचे तीस हजार निराळे. घर फक्त स्त्रीच्या नावावर घेतले तर १ एप्रिल २०२१ पासून महाराष्ट्रात मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे. येथे साडेबासष्ट हजार वाचतात आणि गृहलक्ष्मी हा शब्द कागदावरही उतरतो. हे कर आणि शुल्क कर्जात धरले जात नाहीत. म्हणून स्वतःचे साडेबारा लाख आणि हा खर्च मिळून वीस लाखांहून अधिक रक्कम खिशातून उभी करावी लागते. ती नसली की मग वैयक्तिक कर्ज, पतपेढी, आईचे दागिने, वडिलांचा भविष्यनिर्वाह निधी. जेथे आईवडिलांच्या म्हातारपणाची शिदोरी मुलाच्या सदनिकेत जाते, तेथे पुढे एखाद्या आजारपणात कोणती पाळी येते, हे पुष्कळांनी पाहिलेले आहे.

इमारत वेळेत पूर्ण झाली नाही, तर हिशेब आणखी बिघडतो. ताबा मिळेपर्यंत दिलेल्या रकमेवर नुसते व्याज भरण्याची सोय असते. तिला सोय म्हणायचे, पण त्यातून मुद्दल एका पैशानेही उतरत नाही. पूर्ण रक्कम दिली गेली असेल तर उशिराच्या प्रत्येक वर्षाला सव्वाचार लाख, शिवाय राहत्या जागेचे भाडे. महाराष्ट्रात मे २०१७ पासून महारेरा आहे, तेथे प्रकल्पाची नोंद, ताब्याची तारीख आणि तक्रारींची माहिती पाहता येते. जाहिरातीतील बागेचे चित्र पाहण्याआधी ती पाहावी.

कर्जासोबत गळ्यात घातला जाणारा एकरकमी विमा हा आणखी एक प्रकार. दीड लाखाचा हप्ता ‘काळजी करू नका, कर्जातच धरतो’ असे म्हणून मुद्दलात मिळवला जातो आणि वीस वर्षांत तो तीन लाख बारा हजारांना पडतो. विमा हवाच. घरातील कमावता माणूस गेला तर विधवा पत्नीच्या पदरी घर यावे, कर्ज येऊ नये, याची तजवीज न करता कर्ज घेणे हा बेजबाबदारपणा आहे. पण तो शुद्ध मुदतीचा विमा असावा, स्वतंत्र घेतलेला असावा आणि त्याचा हप्ता दरवर्षी भरावा.

प्राप्तिकरातील सवलतीचे कौतुक आता थोडे आवरायला हवे. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. आपल्या उदाहरणात पहिल्याच वर्षीचे व्याज चार लाख एकवीस हजार आहे, म्हणजे निम्म्याहून अधिक व्याज सवलतीबाहेर. आणि २०२३-२४ पासून जी नवी पद्धत आपोआप लागू होते, तिच्यात राहत्या घरासाठी ही वजावट नाहीच. कर वाचवण्यासाठी कर्ज घ्यावे, हा सल्ला पूर्वीही अर्धाच खरा होता.

दुसरी बाजूही प्रामाणिकपणे मांडली पाहिजे. महागाई पाच टक्के धरली, तर वीस वर्षांनंतरच्या ४३,३९१ रुपयांचे मोल आजच्या सोळा हजारांच्या आसपास असेल. पगार वाढतो, हप्ता मात्र तसाच राहतो. ज्यांनी वीस-पंचवीस वर्षांपूर्वी ओढाताण करून घर घेतले, त्यांतील बहुतेकांना आज तो निर्णय योग्य वाटतो. भाड्याच्या घरात दर अकरा महिन्यांनी बिऱ्हाड हलवावे लागण्याची जी टांगती तलवार असते, तिचे मोल आकड्यांत करता येत नाही. तरीही पुण्यात साडेबासष्ट लाखांच्या सदनिकेचे भाडे अनेक भागांत पंधरा-सोळा हजारांच्या घरात असते आणि हप्ता त्रेचाळीस हजारांचा, ही तफावत नजरेआड करू नये. दोन-चार वर्षे भाड्याने राहून मोठी पुंजी जमवणारा आणि मग लहान कर्ज घेणारा माणूस आळशी किंवा भित्रा नसतो. शिवाय पगार वाढतच राहील हे गृहीत सरकारी नोकरीच्या काळातले आहे. खासगी कंपनीत पन्नाशीतला माणूस सर्वांत महाग असतो आणि सर्वांत आधी कमी केला जातो.

घराच्या खर्चाचा एक भाग पैशांत मोजता येत नाही, आणि संघटनेत काम करणाऱ्यांना तो चांगलाच ठाऊक आहे. संध्याकाळच्या शाखेवर नियमाने येणारा, सेवावस्तीतील अभ्यासिका चालवणारा तरुण घर घेतो. सगळ्यांना आनंद होतो. वर्ष-दीड वर्षाने तो दिसेनासा होतो. लोक म्हणतात, संसारात पडला, उत्साह मावळला. तसे काही झालेले नसते. पगाराचा साठ टक्के भाग हप्त्यात जातो म्हणून त्याने रविवारचे शिकवणीवर्ग धरलेले असतात, बायको दुहेरी पाळी करत असते आणि मूल पाळणाघरात झोपी गेलेले असते. वरिष्ठांसमोर अन्यायाविरुद्ध बोलायलाही तो कचरतो, कारण नोकरी सुटली तर तीन महिन्यांत बँकेची नोटीस येईल. माणूस तीन ऋणे घेऊन जन्माला येतो, असे आपल्या परंपरेने मानले. चौथ्या ऋणाने त्या तिन्हींना जागा ठेवू नये, इतके ते मोठे घेतले जात आहे. कुटुंबप्रबोधनाच्या बैठकांत आहार, संस्कार, भ्रमणध्वनी यांवर पुष्कळ बोलले जाते. हप्त्यावर बोलणे अजून संकोचाचे मानले जाते.

अमेरिकेत २००७-०८ मध्ये जे घडले ते ऐपत न पाहता दिलेल्या गृहकर्जांतून घडले. लाखो कुटुंबे रस्त्यावर आली आणि लेहमन ब्रदर्ससारखी दीडशे वर्षांची पेढी सप्टेंबर २००८ मध्ये बुडाली. आपल्याकडे तशी पाळी आली नाही, याचे काही श्रेय रिझर्व्ह बँकेचे तत्कालीन गव्हर्नर डॉ. वाय. व्ही. रेड्डी यांच्या सावध धोरणाला जाते, आणि बरेचसे आपल्या घरांतील जुन्या सवयीला: आधी कर्ज फेडायचे, मग हौस.

या सवयीला आजचा कायदाही साथ देतो. बदलत्या दराच्या गृहकर्जाची मुदतपूर्व फेड केली तर बँकेला दंड आकारता येत नाही. रिझर्व्ह बँकेने ५ जून २०१२ रोजीच तशी मनाई केली आहे. आपल्या उदाहरणातील कुटुंबाने दरवर्षी दिवाळीच्या सुमारास, बोनस हाती आल्यावर, फक्त एक जादा हप्ता भरला आणि तो मुद्दलात जमा करवून घेतला, तर कर्ज वीसऐवजी पावणेसतरा वर्षांत फिटते आणि दहा लाखांहून अधिक व्याज वाचते. पहिल्या सात-आठ वर्षांतील जादा भरणा सर्वांत मोलाचा, कारण तेव्हा मुद्दल मोठे असते. मात्र पैसे भरताना ‘मुदत कमी करा, हप्ता तोच ठेवा’ असे लेखी द्यावे लागते. नाहीतर हप्ता थोडा खाली येतो आणि वर्षे तशीच राहतात. अर्थात सहा महिन्यांच्या खर्चाची आणि हप्त्यांची गंगाजळी बाजूला ठेवल्यानंतरच हे करावे. सगळी पुंजी कर्जात ओतून मग रुग्णालयाच्या बिलासाठी चढ्या दराने उसनवारी करणे शहाणपणाचे नाही.

शेवटचा हप्ता भरला की काम संपले, असेही समजू नये. थकबाकी नसल्याचा दाखला घ्यावा, केंद्रीय नोंदवहीतील आणि दुय्यम निबंधकाकडील बँकेचा बोजा उतरल्याची खात्री करावी, आणि मूळ करारनामा, शेअर सर्टिफिकेट, पावत्या हे सारे यादीप्रमाणे मोजून ताब्यात घ्यावे. १ डिसेंबर २०२३ पासून कर्ज पूर्ण फिटल्यावर ३० दिवसांत ही कागदपत्रे परत करणे बँकांवर बंधनकारक आहे. त्यांच्या चुकीने उशीर झाला तर दर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई त्यांनी द्यायची आहे. कागद घरी आले की त्यांची जागा कपाटात कोणती, हे पत्नीला आणि मुलांनाही दाखवून ठेवावे.